नोंद उपलब्ध नाही

माझगावच्या शेडमध्ये आता तिला एसी लावलाय.
तिकीट साठ रुपये, ज्येष्ठांना तीस,
चपला बाहेर.
पितळी पाटीवर तिची कुंडली:
'गुलनार', वाफेची यॉट, लांबी अठ्ठ्याहत्तर फूट,
मलबारी साग, इंजिन विलायती,
घासवाला शेटनं बांधून घेतली एकोणीसशे सातात
मांडव्याला हवा खायला.

शेटची हवा दहा-बारा वर्षं टिकली.
मग कापूस पडला. वेताच्या खुर्च्या गेल्या,
बर्फाची पेटी गेली.
लढाईत सरकारनं अंगाला राखाडी रंग फासला,
लढाईनंतर कस्टमनं घेतली, सोनं पकडायला.
हिचा धूर मोरा बंदरावरून दिसायचा;
चोरांचा चहा पिऊन व्हायचा, कप विसळून व्हायचे,
मग ही पोचायची.
पुढं गोड्या पाण्याची बोट झाली,
आणि एका उधाणाला दारूखान्याच्या चिखलात चढवली,
ओहोटीला टेकली, ती टेकलीच.

पाटीवर त्याखाली लिहिलंय:
१९६१ ते १९८०: नोंद उपलब्ध नाही.

मी तिथंच उभी राहते. मागची माणसं वळसा घालून जातात.

नोंद अशी, की चुनावाला भावाभावांत फाटलं.
एक म्हणे तोडू, दुसरा म्हणे आधी माझा हिस्सा.
उचललेला घण तसाच खाली ठेवला,
कोर्टाचा कागद आला म्हणून.
प्रेमानं नाही वाचली ही, स्टेनं वाचली.
आणि राखणीला ठेवला माझा बाप,
राघो भुवड, हिचाच जुना आगवाला.
महिना पंचेचाळीस रुपये, राहायला बोट.

शेटच्या केबिनमध्ये आम्ही चौघं
आणि आईची पत्र्याची पेटी. चूल डेकवर.
अमावास्येच्या भरतीला घर किंचित उचलायचं,
ताटातली आमटी एका कडेला जायची,
तेवढा भात आम्ही त्या कडेला सरकवायचो.
जनू तिथंच जन्मला.
म्युनिसिपालिटीच्या कारकुनानं दाखल्यावर लिहिलं:
गुलनार चाळ, खोली नंबर एक.
अजून त्याच्या पेन्शनच्या कागदांत ती चाळ उभी आहे.

बॉयलर पेटवायची मनाई होती.
कागदात तसं होतं: जैसे थे.
तेल घालू नये, असं कुठं होतं?
रोज सकाळी, देवाला दिवा लावायच्या आधी
बा खोबरेलाची वाटी घेऊन खाली उतरायचा,
चाक हातानं अर्धा फेरा फिरवायचा.
"सांधे धरतात तिचे," म्हणायचा.
वाटीत उरलेलं आईच्या केसांना.
काही महिने काहीच उरायचं नाही.

गाइड मुलगा चांगला आहे, पाठ केलेलं नीट म्हणतो.
कठड्यावरची खाच दाखवतो:
युद्धकाळातल्या दोरखंडाची.
ती आईची वलणी. तिच्यावर सोडे वाळायचे
आणि माझा शाळेचा एकुलता निळा झगा;
वर्गात माझ्या बाकावर कुणी बसायचं नाही
ते त्यामुळं.
"इंजिन इतकं चांगलं कसं राहिलं?" एक बाई विचारते.
"विलायती कारागिरी," तो म्हणतो.
मी दोरीपलीकडं वाकून वास घेते.
पॉलिशचा येतो.

शेड बंद व्हायच्या आधी, पाचला, भोंगा वाजवतात,
कॉम्प्रेसरची हवा सोडून.
लगेच वाजतो, स्वच्छ,
बक्षीस समारंभातल्या मुलीसारखा.
बा सांगायचा, वाफ असली की ती आधी खाकरते,
उकळतं पाणी थुंकते डेकवर,
खाली उभा असेल तो शिव्या घालतो,
मग बोलते.
मी ते कधी ऐकलं नाही. माझ्या जन्माआधीच
तिची आग विझवली होती.

तरी आज भोंग्याची साखळी ओढली तेव्हा
सगळी तिथंच उभी राहिली, मोबाइल वर धरून,
आणि मी साडी सावरून
एक पाऊल मागं सरले.